कॅथलिक बोर्डिंगच्या बॉईज क्वायरमध्ये मुलाला पाठवायचंय? पहिल्या चौकशीपासून आवाज फुटेपर्यंत

मी स्वतः नऊ वर्षांचा असताना अशा बोर्डिंगात गेलो, चौदाव्या वर्षी आवाज फुटला आणि क्वायर, म्हणजे चर्चमध्ये गाणारा मुलांचा गट, सुटली. मध्ये बरीच वर्षं गेली, मी ते सगळं विसरूनही गेलो होतो, आणि मग बहिणीचा मुलगा म्हणाला मामा मला पण जायचंय. तेव्हा सगळी प्रोसेस दुसऱ्यांदा बघितली, या वेळी टेबलाच्या पालकांच्या बाजूने, आणि कळलं की पालकांना कोणीच नीट काही सांगत नाही. शाळेच्या माहितीपत्रकात झगे घातलेली गोंडस मुलं आणि मेणबत्त्या असतात, बाकी काहीच नसतं. म्हणून हे लिहितोय. लांब आहे, पण घाईत वाचू नका.

एक गोष्ट आधीच डोक्यात पक्की करा, बाकी सगळं त्यावरच चालतं. ही हौस नाही, ही नोकरी आहे, आणि या नोकरीची रिटायरमेंट पहिल्या दिवशीच ठरलेली असते. मुलगा आठ-नऊ वर्षांचा असताना घेतात, ट्रेबल म्हणजे वरच्या पट्टीतला आवाज साधारण बारा ते चौदाच्या दरम्यान जातो, म्हणजे हातात चार-पाच वर्षं. त्यातलं पहिलं वर्ष शिकण्यात जातं.

१. आधी शाळा कुठल्या प्रकारची आहे ते बघा

'क्वायर असलेली शाळा' आणि 'क्वायरसाठी असलेली शाळा' यात जमीन-अस्मानाचा फरक आहे. पहिल्या प्रकारात पाचशे मुलं शिकतात आणि त्यातली तीस-चाळीस गातात. दुसऱ्या प्रकारात शाळेचं टाइमटेबलच चर्चच्या टाइमटेबलवर बेतलेलं असतं, गणिताचा तास हलेल पण तालीम हलणार नाही.

या दुसऱ्या प्रकाराचा इतिहास फार जुना आहे. जर्मनीत रेगेन्सबुर्गच्या कॅथेड्रलची, म्हणजे बिशपच्या मुख्य चर्चची, मुलांची क्वायर आपली सुरुवात ९७५ सालापासून मोजते, तेव्हाच्या बिशपने कॅथेड्रलला शाळा जोडली आणि मुलांनी गायचं हे त्या शाळेचं काम ठरलं. स्पेनमध्ये मोन्सेर्रातच्या मठातल्या मुलांचे उल्लेख १४व्या शतकापासून सापडतात, ती मुलं मठातच राहतात, शिकतात आणि भाविकांसमोर साल्वे रेजिना हे मरियेचं स्तोत्र गातात. लंडनच्या वेस्टमिन्स्टर कॅथेड्रलची क्वायर शाळा त्या मानाने कालची, १९०१ची. व्हिएन्नाची प्रसिद्ध क्वायर १४९८ साली सम्राट मॅक्सिमिलियनच्या दरबारी चॅपलपासून धरतात, आज तिथे साधारण १०० मुलं चार तुकड्यांत विभागलेली आहेत आणि आळीपाळीने जगभर दौरे करतात. म्हणजे बघा, एकाच 'बॉईज क्वायर' शब्दाखाली रोज चर्चमध्ये गाणारा मुलगा पण येतो आणि वर्षातले काही आठवडे सुटकेस घेऊन फिरणारा पण. तुमच्या मुलाला यातलं काय झेपेल ते तुम्हालाच माहीत.

मुलंच का, मुली का नाहीत, हा प्रश्न भाच्याच्या बहिणीने विचारला होता आणि बरोबर विचारला होता. जुनी प्रथा आहेच, पण लेखी नियम म्हणाल तर पोप पायस दहावे यांनी २२ नोव्हेंबर १९०३ला चर्चसंगीतावर जो आदेश काढला त्यात स्पष्ट होतं की उंच आवाज हवे असतील तर ते मुलग्यांनी गावेत. ते दिवस आता गेले. रेगेन्सबुर्गच्या शाळेनेसुद्धा २०२२पासून मुलींना प्रवेश दिला, त्यांची क्वायर वेगळी आहे. तेव्हा घरात गाणारी मुलगी असेल तर तिच्यासाठीही चौकशी करा.

२. मुलाला विचारा, आणि खरंच विचारा

हे एका ओळीचं आहे पण लोक इथेच चुकतात. 'तुला गायला आवडतं का' हा प्रश्न चुकीचा. 'नाताळच्या आदल्या रात्री बाकीची पोरं घरी गेलेली असतील आणि तू तिथे गात असशील, चालेल का' असं विचारा. कारण तसंच असतं. नाताळ आणि ईस्टर हे क्वायरचे सगळ्यात बिझी दिवस, सुट्टी त्यानंतर सुरू होते. माझ्या पहिल्या वर्षी आईला हे माहीतच नव्हतं, तिने सगळं ठरवून ठेवलेलं, आणि ऐनवेळी कळलं की मी दुपारची मिस्सा, म्हणजे चर्चमधली मुख्य उपासना, संपल्यावरच निघू शकतो.

३. शाळेला विचारायचे प्रश्न (लाजू नका)

सगळ्यात अवघड विषय आधी. रेगेन्सबुर्गच्या त्याच क्वायरबद्दल एका स्वतंत्र वकिलाने चौकशी केली, २०१७मध्ये अहवाल आला, १९४५नंतरच्या काही दशकांत ५४७ मुलांवर अत्याचार झाले असं त्यात निघालं. ५०० जणांना मारहाण, ६७ जणांवर लैंगिक अत्याचार, काहींच्या वाट्याला दोन्ही. गाणं उत्तम होतं, नाव मोठं होतं, आणि आत हे चालू होतं. मी हे घाबरवायला सांगत नाहीये. त्यानंतर बऱ्याच ठिकाणी नियम कडक झालेत, पण तुम्ही विचारलं तरच कळेल की कागदावर झालेत का खरोखर झालेत.

मी भाच्याच्या वेळी जे विचारलं ते असं. रात्री डॉर्मिटरीत ड्यूटीवर कोण असतं, आणि तो माणूस क्वायरमास्तरच्या हाताखालचा आहे का? एकट्या मुलाचा आवाजाचा क्लास असतो त्या खोलीच्या दाराला काच आहे का? मुलाला तक्रार करायची असेल तर क्वायरच्या बाहेरचा, शाळेच्याही बाहेरचा, असा कोण माणूस आहे आणि त्याचा नंबर मुलांना दिसेल असा कुठे लावलाय? फोन कधी मिळतो आणि बोलताना शेजारी कोण उभं असतं?

क्वायरमास्तरचा मुद्दा मुद्दाम काढला. क्वायरमध्ये सगळ्यात मोठी लालूच असते सोलोची, म्हणजे एकट्याने गायच्या भागाची. सोलो कोणाला द्यायचा हे एकच माणूस ठरवतो. त्यामुळे मुलं त्याच्याबद्दल, किंवा त्याच्या आवडत्या मोठ्या मुलांबद्दल, काही बोलायला कचरतात, सोलो जाईल म्हणून. ज्या शाळेला हे प्रश्न ऐकून राग येतो तिथून सरळ उठा. आम्हाला एका ठिकाणी उत्तर मिळालं 'आमच्याकडे असं काही होत नाही', आम्ही चहाही न घेता निघालो. जिथे पाठवलं तिथल्या बाईंनी न विचारता धोरणाचे कागद पुढे केले आणि मग डॉर्मिटरीपण दाखवली.

बाकीचे प्रश्न सोपे आहेत पण लिहून घ्या: आठवड्याला किती तास तालीम, वीकेंडला घरी सोडतात का (वेस्टमिन्स्टरच्या शाळेने २०१९मध्ये ते सुरू केलं तेव्हा क्वायरचं वेळापत्रकच बदललं, त्यावर मोठा वादही झाला), फी-सवलत मिळाली तर ती कशाच्या अटीवर, आणि सगळ्यात महत्त्वाचं, आवाज फुटल्यावर सवलत चालू राहते का. हे लेखी घ्या. तोंडी 'बघू आपण' चालणार नाही.

४. कागदपत्रं

शाळेप्रमाणे थोडं इकडेतिकडे होईल पण फाईल अशी करून ठेवा:

- जन्मदाखला
- बाप्तिस्म्याचा दाखला (कॅथलिक असाल तर) आणि बऱ्याचदा तुमच्या चर्चच्या फादरचं पत्र
- आधीच्या शाळेचे गेल्या दोन वर्षांचे रिपोर्ट
- डॉक्टरचा फॉर्म, लसीकरणाची नोंद, ॲलर्जी किंवा दमा असेल तर तो न लपवता
- पासपोर्ट, दौरे असतील तर. मुदत किती उरलीय ते आजच बघा
- फोटो-रेकॉर्डिंग-प्रवास यांची संमतीपत्रं
- संगीताच्या परीक्षांची सर्टिफिकेटं असतील तर. नसली तरी काही अडत नाही

सापळा: नावाचं स्पेलिंग. बाप्तिस्म्याच्या दाखल्यावर एक, जन्मदाखल्यावर दुसरं, पासपोर्टवर तिसरं. आमचे तीन आठवडे यातच गेले.

दमा लपवू नका असं का म्हटलं ते पुढे धुपाच्या भागात कळेल.

कॅथलिक नसाल तर? बऱ्याच शाळा घेतात. पण मुलगा दर मिस्सेला तिथे असणार, गाणार, हे मान्य असलं पाहिजे. ख्रिस्तप्रसाद, म्हणजे मिस्सेत मिळणारी पवित्र भाकर, तो घेणार नाही, अनेक ठिकाणी अशी मुलं छातीवर हात क्रॉस करून फक्त आशीर्वाद घेतात. तुमच्या शाळेत काय पद्धत आहे ते आधी विचारून मुलाला सांगा, पहिल्याच रविवारी रांगेत गोंधळायला नको.

५. व्हॉईस ट्रायल

ही प्रवेशासाठीची आवाजाची परीक्षा. नाव ऐकूनच पोटात गोळा येतो पण वीस मिनिटांचं काम असतं. पियानोवर एक सूर वाजवतात, मुलाने तो गायचा. मग पाच सुरांची छोटी सरगम, प्रत्येक वेळी अर्धा सूर वर चढवत, कुठपर्यंत आरामात जातो ते बघतात. मग वाजवलेली ओळ ऐकून परत गायची. टाळीने ठेका परत वाजवायचा. तीन सूर एकदम वाजवतात आणि विचारतात यातला मधला गा, ही सगळ्यात कसोटीची परीक्षा, कारण इथे गळा नाही, कान कळतो. एक तयार केलेलं गाणं असतं. आणि बऱ्याच ठिकाणी एक उतारा मोठ्याने वाचायला लावतात, कारण जो नीट वाचत नाही त्याला रोज नवीन शब्द, नवीन सूर एकत्र वाचणं जड जातं.

भाच्याच्या वेळी मी स्वतः शहाणा असून चुकलो. गाणं निवडलं फार उंच आणि फार भारी. पोरगं ताणून ताणून गायलं, मान वर, शिरा फुगलेल्या. समोरचे मास्तर शांतपणे म्हणाले आता तुला लहानपणी कोणी म्हणून दाखवायचं असं एखादं म्हण. ते त्याने मस्त म्हटलं आणि तेवढ्यावरच घेतला.

तर, गाणं साधं. मुलाच्या मधल्या पट्टीतलं. कॅराओके नको, मागे काहीही न वाजता म्हणता आलं पाहिजे. माईकवर गातात तसं श्वास सोडत-सोडत, कुजबुजत गायची सवय असेल तर ती ट्रायलच्या आधी महिनाभर मोडा. आणि ओरडू देऊ नका. त्यांना हवा असतो तो डोक्यातून निघणारा हलका, सरळ आवाज, छातीतून दाबून काढलेला नाही.

ज्याला सारेगम येतं त्याला एक फायदा आहे तो सांगतो. तिकडचं डो रे मी बऱ्याच शाळांत आपल्या सा सारखंच सरकतं, म्हणजे डो कुठल्याही पट्टीवर ठेवता येतो आणि बाकीचे सूर त्याच्या नात्याने येतात. हे एकदा मुलाच्या लक्षात आणून दिलं की निम्मं सोल्फेज, म्हणजे डो रे मीने सूर वाचणं, आलंच म्हणायचं. गोंधळ होतो तो दुसऱ्या प्रकारच्या शाळेत, जिथे डो कायम एकाच पट्टीला चिकटलेला असतो. कुठली पद्धत आहे ते विचारून ठेवा.

६. काय न्यायचं

झगा म्हणजे कॅसॉक आणि वरचा पांढरा सरप्लिस शाळा देते, ते शिवून घेऊ नका (एका आईने खरंच शिवून आणलेलं). काळे बूट, आधी वापरून मऊ केलेले, कारण नव्या बुटात दीड तास उभं राहणं म्हणजे शिक्षा. काळे मोजे भरपूर. झग्याच्या आत घालायला एक गरम बनियन, दगडी चर्च आतून थंडगार असतं. पाण्याची बाटली. प्रत्येक वस्तूवर नाव, मोज्यांवरसुद्धा.

आणि पेन्सिली. मऊ, २बी, डझनभर, खोडरबरासकट. पेनने स्वरलिपीवर लिहिलं तर पहिल्याच दिवशी बोलणी बसतात. श्वास कुठे घ्यायचा तिथे स्वल्पविराम, जिथे चुकतो तिथे चष्म्याचं चित्र काढायचं, म्हणजे 'इथे वर बघ'. हे प्रत्येक क्वायरमधल्या मुलाला कोणीतरी मोठा मुलगा शिकवतो. तुमच्या मुलाला आधीच माहीत असेल तर तो जरा भाव खाईल, खाऊ दे.

७. पहिले काही महिने: गप्प बसायला शिकायचं

नव्या मुलाला एका मोठ्या मुलाच्या शेजारी उभं करतात. काम काय, तर ऐकणं आणि पान वेळेवर उलटणं. जमेल तिथे हळू गा, नाही जमलं तर ओठ मिटून ठेव. मी पहिल्याच आठवड्यात सगळ्यांत जोरात गायलो कारण घरी सगळे म्हणायचे काय खणखणीत आवाज आहे. मास्तरांनी थांबवलं आणि विचारलं, शेजारचा काय गात होता? मला सांगता येईना. ऐकू आलाच नव्हता. तेव्हापासून आजपर्यंत क्वायरबद्दल याहून कामाचं मला कोणी काही सांगितलेलं नाही: शेजारचा ऐकू येत नसेल तर तू फार मोठ्याने गातोयस.

दिवस साधारण असा जातो. शाळेच्या आधी तालीम, मग वर्ग, मध्ये कुठेतरी पियानो नाहीतर व्हायोलिनचा सराव, दुपारनंतर पुन्हा तालीम किंवा प्रार्थना, मग अभ्यास, झोप. खेळायला वेळ मिळतो पण तो चोरून आणल्यासारखा. रविवारी मोठी मिस्सा.

जुने ग्रेगोरियन सूर, म्हणजे चर्चच्या जुन्या लॅटिन चाली, ज्या लिपीत असतात ती बघून घाबरू नका. पाचऐवजी चार रेघा, गोल ऐवजी चौकोनी ठिपके, आणि ताल मोजायचे आडवे-उभे खण नाहीत. दोन चौकोन एकावर एक असतील तर खालचा आधी गायचा. टिंब असेल तर लांबवायचा. लय शब्दांची, शब्द म्हणाल तसं गाणं. मला तर ती लिपी नेहमीच्या स्वरलिपीपेक्षा सोपी गेली.

८. लॅटिन (इथे मराठी मुलाला चक्क फायदा आहे)

अर्थ नंतर कळतो, उच्चार आधी लागतात. आणि उच्चारात देवनागरी वाचणारा मुलगा इतरांच्या पुढे असतो, कारण लॅटिनमधले ए आणि ओ सरळ हवेत, 'एइ' 'ओउ' असे वाकडे नकोत, आणि आपले ए-ओ सरळच असतात. त, द दातांवर जीभ ठेवून, आपल्यासारखेच, ट-ड नाही. इंग्रजीत वाढलेली मुलं या दोन गोष्टींवर महिने घालवतात.

चर्चमधले, म्हणजे रोमच्या पद्धतीचे, मुख्य नियम वहीत पहिल्या पानावर लिहून द्या:

- सी या अक्षरापुढे ई किंवा आय आला की च. चेलुम. पण हा च 'चेहरा'तला, 'चोर'मधला नाही.
- जी पुढे ई-आय आला की ज. रेजिना. हा 'जीभ'मधला ज, 'जोर'मधला नाही.
- टी-आय आणि पुढे स्वर असेल तर त्सि. ग्रात्सिआ. आणि हा त्स म्हणजेच आपला 'चोर'मधला च! मला हे कळायला दोन वर्षं लागली, कोणी सांगितलं असतं तर.
- जी-एन एकत्र आले की न्य. आन्युस देई, 'अॅग्नस' नाही.
- एस-सी पुढे ई-आय असेल तर श. एक्स-सी असेल तर क्श, म्हणून एक्शेल्सिस. नाताळच्या गाण्यात हा शब्द शंभरदा येतो.
- एच मुका. अपवाद दोन, मिही आणि निहिल, ते म्हणायचे मिकी आणि निकील.
- जे म्हणजे य. येसू.

सापळा: हे सगळीकडे असंच नसतं. जर्मन परंपरेच्या क्वायरमध्ये चेलुमचं त्सेलुम होतं, आन्युसचं आग्नुस, रेजिनाचं रेगीना. दोन्ही बरोबर. तुमचे मास्तर सांगतील ते खरं, घरून शिकून आलेलं तोंड उघडून दाखवायचं नाही.

मिस्सेचे पाच कायमचे भाग आधी पाठ करून पाठवा: कीरिए, ग्लोरिया, क्रेदो, सांक्तुस, आन्युस देई. यातलं कीरिए लॅटिन नाहीच, ग्रीक आहे, 'प्रभू दया कर'. शब्द तेच राहतात, चाली बदलतात. आज ग्रेगोरियन, उद्या १६व्या शतकातल्या पालेस्त्रिना या संगीतकाराची, परवा हायडनची. शब्द पाठ असले की डोकं चालीवर ठेवता येतं.

९. वर्षाचं कॅलेंडर

शाळेचं वर्ष एक आणि क्वायरचं दुसरं. क्वायरचं वर्ष सुरू होतं आगमनकाळापासून, नाताळच्या आधीचे चार रविवार. या काळात रविवारी ग्लोरिया गात नाहीत. उपवासकाळातही, म्हणजे ईस्टरच्या आधीच्या चाळीस दिवसांत, नाही, आणि तेव्हा आलेलुयासुद्धा बंद. नव्या मुलांकडून हमखास होणारी चूक म्हणजे उपवासकाळात सवयीने आलेलुया सुरू करणं, आणि सगळं चर्च वळून बघतं.

पवित्र सप्ताह, म्हणजे ईस्टरच्या आधीचा आठवडा, हा परीक्षेचा. झावळ्यांचा रविवार, मग गुरुवार, शुक्रवार, शनिवारची रात्रीची लांबलचक जागरण-मिस्सा, आणि लगेच ईस्टरची सकाळ. गुरुवारी ग्लोरिया झाला की ऑर्गन गप्प, तो परत पूर्ण आवाजात येतो शनिवारी रात्रीच्या ग्लोरियाला. मधल्या वेळात बऱ्याच क्वायर नुसत्या गळ्यावर गातात आणि तेव्हा सूर खाली घसरतो. कोणी बेसूर असतो म्हणून नाही, सगळे मिळून थोडे-थोडे, मुलं थकलेली असतात म्हणून. आमचे मास्तर त्या आठवड्यात अभ्यासाला सुट्टी मागून घ्यायचे आणि दुपारी सक्तीने झोपवायचे. शाळा हे करते का ते विचारा. शनिवारी रात्री अंधारातून दिवे लागतात, ऑर्गन सुटतो, घंटा वाजतात, आणि पोरं चाळीस दिवसांनी आलेलुया म्हणतात. ते ऐकायला पालकांनी जमेल तसं एकदा तरी जावंच.

२२ नोव्हेंबर हा संत सेसिलियाचा दिवस, संगीतकारांची संरक्षक संत. त्या दिवशी बहुतेक क्वायरमध्ये काहीतरी मजा असते. त्या दिवशी फोन करू नका, पोरगं येणार नाही फोनवर.

१०. गळा, गुडघे आणि धूप

चक्कर येऊन पडणं. होतं, दर वर्षी कोणीतरी पडतोच. कारणं दोन: उपाशीपोटी उभं राहणं आणि गुडघे मागे ताठ लॉक करणं. ख्रिस्तप्रसादाआधीचा उपवास फक्त एक तासाचा आहे, पाणी आणि औषध त्यात चालतं, त्यामुळे 'मिस्सेच्या आधी नाश्ता नको' असं कोणी मुलाला सांगितलं असेल तर ते डोक्यातून काढा. गुडघे किंचित सैल, वजन दोन्ही पायांवर. गरगरायला लागलं तर सरळ खाली बसायचं, लाजायचं नाही.

धूप. धूपदानी अगदी क्वायरच्या पुढून जाते. नाकाने हळू श्वास, आणि खोकला आला तर तोंड मिटून गिळायचा प्रयत्न करायचा. दमा असलेल्या मुलाला कडेला उभं करतात, पण मास्तरांना माहीत असेल तरच ना.

गळ्याचा खरा शत्रू थंड पाणी नाही, मैदान आहे. फुटबॉलला ओरडून आवाज बसलेली मुलं मी शंभर बघितली. घसा बसला की कुजबुजून बोलायचं नाही, त्याने घशावर उलट ताण येतो. बोलायचंच नाही. सारखं खाकरायचं नाही, घोट पाणी प्यायचं. घसा बधिर करणाऱ्या गोळ्या चघळून गायला उभं राहायचं नाही, दुखतंय ते कळत नाही आणि जास्त दुखावतो. आणि झोप. बाकी घरगुती उपाय ज्याचे त्याने करावेत.

११. घरची आठवण

पहिले तीन आठवडे वाईट जातात. रात्री झोपायच्या आधी फोन करू नका, तेव्हा रडू हमखास येतं आणि फोन ठेवल्यावर ते एकट्याने रडावं लागतं. दुपारी करा, नंतर लगेच तालीम असेल अशा वेळी. 'आठवण येते का' विचारण्यापेक्षा 'शेजारी कोण उभा असतो' विचारा. पत्र लिहा, खरं कागदावरचं, पोरं ती उशीखाली ठेवतात.

पण आठवण आणि अडचण यातला फरक ओळखा. आठवण संध्याकाळी येते आणि सकाळी विरते. मुलगा एका ठराविक माणसाचं नाव टाळत असेल, अचानक गाणंच नको म्हणत असेल, सुट्टी संपताना पोट दुखायला लागत असेल दर वेळी, तर गाडी काढा आणि जा. नंतर काहीच निघालं नाही तर नाही.

१२. आवाज फुटणं

घशातली पेटी मोठी होते, स्वरतंतू लांब आणि जाड होतात, आणि बोलायचा आवाज हळूहळू जवळजवळ एक सप्तक खाली येतो. आधी कळतं ते बोलण्यात, गाण्यात नाही. मग वरचे सूर हवेसारखे पोकळ होतात, मधला एखादा सूर लागतच नाही, आणि एक दिवस भर मिस्सेत चिरकतो.

हायडनचा जन्म १७३२चा, तो व्हिएन्नाच्या संत स्टीफन कॅथेड्रलमध्ये गायचा, १७४९मध्ये आवाज गेला म्हणून त्याला काढलं, म्हणजे सतराव्या वर्षी. तेव्हा मुलांचे आवाज बरेच उशिरा फुटायचे. आता बाराव्या वर्षी फुटला तरी नवल नाही, त्यामुळे शाळेने 'पाच वर्षं' म्हटलं तर तुम्ही चार धरा.

मुलं हे लपवतात. मी तीन आठवडे लपवला. सोलो ठरलेला होता, म्हणून रोज जोर लावून वरचा सूर काढायचो, आणि सोलोच्या दिवशी तो आलाच नाही, नुसती हवा आली. शेजारच्या मुलाने पुढची ओळ उचलली, कोणी काही बोललं नाही. जोर लावल्याने घसा महिनाभर दुखत होता ते वेगळंच. मुलाला आधीपासून सांगून ठेवा की चिरकला तर त्याच दिवशी मास्तरांकडे जायचं. चांगले मास्तर त्याला खालच्या आवाजात सरकवतात, थोडे दिवस गप्प ठेवतात, ऑर्गनवर पानं उलटायला बसवतात, वेदीवर सेवेला घेतात. वाईट मास्तर दुसऱ्या दिवशी त्याची जागा दुसऱ्याला देतात आणि त्याच्याकडे बघतही नाहीत. नंबर तीनमधला लेखी प्रश्न याच दिवसासाठी होता.

एक शेवटचं काम, हे पालकांनी करायचं. दर सुट्टीत मुलगा घरी आला की फोनवर त्याचं एक मिनिट गाणं रेकॉर्ड करून ठेवा, तारीख सांगून, बाकी काही वाजत नसताना. भाच्याची आतापर्यंत सहा झालीत. माझं एकही नाही.